छपाईमागच्या सामाईक फायली आणि त्यांचे बिघाड

गेल्या मार्चअखेरीस आमच्या तालुक्यातील एका पतसंस्थेतून फोन आला. पासबुक छापण्याचा प्रिंटर सकाळपासून काम करत नव्हता. त्याचा दिवा लागत होता, पासबुक आत ओढले जात होते, बटण दाबून घेतलेली त्याची स्वतःची चाचणी छपाईही स्वच्छ येत होती. संगणकावरून छपाईची आज्ञा दिली की मात्र काहीच होत नव्हते. पडद्यावर आलेला संदेश तिथल्या लेखनिक ताईंनी वाचून दाखवला. 'एमएसव्हीसीआर१०० डॉट डीएलएल' नावाची फाइल या संगणकावर नाही, त्यामुळे प्रोग्राम सुरू होऊ शकत नाही, असा त्याचा आशय होता. पुढे त्या म्हणाल्या, "सर, ती फाइल आम्ही नेटवरून उतरवली आणि सिस्टम३२ मध्ये टाकली. तरी होत नाहीये. आता वेगळाच मेसेज येतोय." सिस्टम३२ हे विंडोजच्या स्वतःच्या फायली ठेवण्याचे फोल्डर.

संदेश बदलला, हे त्यांनी आवर्जून सांगितले याचा मला फार उपयोग झाला, कारण त्या बदललेल्या संदेशातच दोषाचे उत्तर होते. ते उत्तर कसे वाचायचे हे समजण्यासाठी आधी डीएलएल फाइल म्हणजे काय आणि एक पान छापताना अशा किती फायली एकमेकींच्या हाताखाली काम करतात, हे पाहावे लागेल.

गावाकडे लग्नकार्याला लागणारी मोठी पातेली, पराती, झारे प्रत्येक घरात नसतात. देवस्थानाच्या नाहीतर मंडळाच्या खोलीत ती ठेवलेली असतात. ज्याच्या घरी कार्य असेल त्याने ती न्यावीत, वापरावीत आणि घासूनपुसून जागच्या जागी आणून ठेवावीत. डीएलएल ही संगणकातील अशीच गावकीची वस्तू आहे. पडद्यावर खिडकी काढणे, फॉन्टमधील अक्षराची आकृती तयार करणे, प्रिंटरकडे पान सोपवणे ही कामे शेकडो प्रोग्रामांना करावी लागतात. प्रत्येकाने त्यासाठीचा मजकूर आपल्यासोबत बाळगला तर जागा वाया जाईल, आणि एखादी चूक सुधारायची झाली तर ती शेकडो ठिकाणी सुधारावी लागेल. म्हणून तो मजकूर एका वेगळ्या फाइलमध्ये ठेवतात आणि ज्या प्रोग्रामला गरज लागेल तो ती फाइल धावत्या वेळी जोडून घेतो. विंडोजमध्ये अशा फाइलच्या नावाच्या शेवटी बहुधा 'डीएलएल' असते, पण नेहमीच नाही. छपाईतील सर्वांत महत्त्वाच्या फायलींपैकी एक असलेल्या 'विनस्पूल'च्या शेवटी 'डीआरव्ही' आहे, तरी ती आतून डीएलएलच आहे.

सामाईक वस्तूचा फायदा जसा सर्वांना, तसे तिचे नुकसानही सर्वांना. कोणी मोठे पातेले नेऊन परत आणताना तिथे लहान ठेवले, तर पुढच्या लग्नात भात कमी पडतो आणि त्या घरच्या माणसांना आपले काय चुकले ते कळत नाही. विंडोज ९५ आणि ९८ च्या काळात हे रोजचे होते: नवा प्रोग्राम बसवताना तो एखाद्या सामाईक फाइलवर आपल्याकडची जुनी प्रत चढवून जाई आणि दुसराच प्रोग्राम बंद पडे. संगणकाच्या क्षेत्रात या अवस्थेला 'डीएलएल हेल' असे नावच पडले. विंडोज २००० पासून मूळ फायलींवर पहारा आला, आणि २००१ च्या विंडोज एक्सपीपासून एकाच फाइलच्या वेगवेगळ्या आवृत्त्या 'विनएसएक्सएस' नावाच्या फोल्डरमध्ये शेजारीशेजारी ठेवण्याची सोय झाली. त्यामुळे पुष्कळ भांडणे मिटली. छपाईची मात्र पूर्ण मिटली नाहीत, कारण छपाईच्या साखळीत सगळ्या फायली मायक्रोसॉफ्टच्या नसतात. त्यात प्रिंटर बनवणाऱ्या कंपनीच्या फायली मधोमध येऊन बसतात.

ही साखळी एकदा नीट पाहू. तुम्ही एखाद्या प्रोग्राममध्ये छपाईची आज्ञा देता, तेव्हा तो प्रोग्राम 'जीडीआय३२' या डीएलएलला सांगतो की अमुक ठिकाणी अमुक अक्षर काढ, तमुक ठिकाणी रेघ ओढ. हे वर्णन 'विनस्पूल'मार्फत स्पूलर नावाच्या सेवेकडे जाते. स्पूलर हा पाठीमागे सतत चालू असलेला वेगळा प्रोग्राम असून त्याच्या फाइलचे नाव 'स्पूलएसव्ही' आहे. तो आलेले काम डिस्कवर लिहून ठेवतो, रांग लावतो आणि प्रिंटर मोकळा होईल तसे एकेक पुढे सोडतो. म्हणूनच मोठा दस्तऐवज छपाईला टाकल्यावर लगेच दुसरे काम हाती घेता येते. स्पूलरच्या आत पुन्हा डीएलएलचीच मांडणी आहे. 'स्पूलएसएस' काम कोणाकडे द्यायचे ते ठरवते, 'लोकलएसपीएल' याच संगणकाला जोडलेल्या प्रिंटरचे पाहते, 'विन३२एसपीएल' दुसऱ्या संगणकावरून वाटून घेतलेल्या प्रिंटरचे पाहते, आणि 'विनप्रिंट' साठवलेले काम उघडून पुढच्या प्रक्रियेला देते. त्यानंतर ड्रायव्हरची पाळी येते. प्रिंटरला कळेल अशा भाषेत पानाचे रूपांतर तो करतो. शेवटी पोर्टची डीएलएल, म्हणजे यूएसबी असेल तर 'यूएसबीमॉन' आणि नेटवर्क असेल तर 'टीसीपीमॉन', ती माहिती तारेवरून रवाना करते.

यातील ड्रायव्हर हा भाग नाजूक आहे, म्हणून तिथे थोडे थांबू. ड्रायव्हर ही एकच फाइल असते असा समज सर्रास आढळतो. प्रत्यक्षात तो फायलींचा संच असतो. मायक्रोसॉफ्टने 'युनिड्रव्ह' नावाचा एक सर्वसाधारण ड्रायव्हर तयार ठेवला आहे. पान रंगवणारी एक डीएलएल, पसंतीची खिडकी दाखवणारी दुसरी आणि लागणारी साधने असलेली तिसरी, अशी त्याची वाटणी आहे. प्रिंटर कंपनी त्याला आपल्या यंत्राचे कागदाचे आकार, ट्रे, रंग यांचे वर्णन असलेली मजकूर-फाइल जोडते आणि बहुतेक वेळा स्वतःच्या दोनचार डीएलएलही जोडते. पोस्टस्क्रिप्ट भाषा समजणाऱ्या प्रिंटरसाठी असाच दुसरा संच आहे. एका वेळी किती माहिती हाताळायची त्यावरून विंडोजचे आणि प्रोग्रामांचे बत्तीस बिटांचे व चौसष्ट बिटांचे असे दोन प्रकार पडतात. चौसष्ट बिटांच्या विंडोजवर या फायली सिस्टम३२ मधील 'स्पूल', त्यातील 'ड्रायव्हर्स', त्यातील 'एक्स६४' आणि त्यातील '३' अशा फोल्डरमध्ये असतात. शेवटचा '३' हा ड्रायव्हरच्या पिढीचा क्रमांक आहे, आणि ही पिढी विंडोज २००० पासून चालत आली आहे. फोल्डर उघडून पाहिले तर एकाच प्रिंटरच्या नावाने सुरू होणाऱ्या पंधरावीस फायली सहज दिसतात. त्यांतील प्रत्येक फाइल त्याच संचातील दुसऱ्या फायलींची अमुकच आवृत्ती समोर असेल असे गृहीत धरून लिहिलेली असते. त्यामुळे एखादी फाइल संचापासून सुटी काढून बदलणे हे जवळजवळ नेहमीच अंगाशी येते.

आता त्रुटींच्या क्रमांकांकडे वळू. नवा प्रिंटर जोडताना किंवा छापताना विंडोज एक लांबलचक क्रमांक दाखवते, ज्याच्या सुरुवातीला शून्येच शून्ये असतात आणि खरा अर्थ शेवटच्या दोन चिन्हांत असतो. डीएलएलच्या बाबतीत तीन क्रमांक ओळखता आले तरी निम्मे काम होते.

हे क्रमांक सोळा चिन्हांच्या पद्धतीत लिहिलेले असतात, म्हणून त्यांत अक्षरेही येतात. शेवटी '७ई' असेल तर तो आपल्या दशमान पद्धतीतील १२६ आहे, आणि त्याचा अर्थ 'मागितलेले मॉड्यूल (म्हणजे जोडून घ्यायची फाइल) सापडले नाही' असा आहे. इथे एक मोठा चकवा आहे. ज्या फाइलचे नाव डोळ्यांसमोर असते ती फाइल जागेवर असूनही हाच क्रमांक येऊ शकतो, कारण त्या फाइलला स्वतःला आणखी एखादी डीएलएल लागते आणि ती सापडत नसते. म्हणजे आचारी आला आहे, पण त्याचा मदतनीस आला नाही म्हणून चूल पेटत नाही, आणि निरोप मात्र 'स्वयंपाक होणार नाही' एवढाच मिळतो. शेवटी '७एफ', म्हणजे १२७ असेल, तर फाइल सापडली आहे, पण तिच्यात जे काम मागितले ते नाही. याचे कारण जवळपास नेहमी आवृत्तीची गल्लत हेच असते. शेवटी 'सी१', म्हणजे १९३ असेल, तर फाइल सापडली, पण ती चालवण्याजोगी नाही: एकतर ती फुटलेली आहे, नाहीतर बत्तीस बिटांची फाइल चौसष्ट बिटांच्या प्रोग्रामापुढे ठेवली गेली आहे. नेमका हाच दोष एखादा प्रोग्राम सुरू होतानाच उद्भवला तर निराळा क्रमांक दिसतो, ज्याची सुरुवात 'सी'ने आणि शेवट '७बी'ने होतो.

पतसंस्थेत आधी '७ई' येत होता. उतरवलेली फाइल टाकल्यावर प्रिंटर जोडताना 'सी१' येऊ लागला, आणि प्रिंटरची स्थिती दाखवणारा छोटा प्रोग्राम '७बी' दाखवू लागला. दोष दूर झाला नव्हता. 'फाइल नाही' याऐवजी 'फाइल चुकीची आहे' एवढाच फरक पडला होता. ताईंना फाइल उतरवताना दोन पर्याय दिसले होते, बत्तीस बिटांचा आणि चौसष्ट बिटांचा, आणि फोल्डरचे नाव सिस्टम३२ आहे म्हणून त्यांनी बत्तीसचा घेतला. यात त्यांचा दोष नाही. चौसष्ट बिटांच्या विंडोजवर सिस्टम३२ मध्ये चौसष्ट बिटांच्या फायली असतात आणि बत्तीस बिटांच्या फायली 'सिस्डब्ल्यूओडब्ल्यू६४' नावाच्या फोल्डरमध्ये असतात. नावे अर्थाच्या अगदी उलट आहेत. जुन्या प्रोग्रामांमध्ये सिस्टम३२ हे नाव पक्के लिहिलेले असल्याने ते बदलणे मायक्रोसॉफ्टला शक्य झाले नाही, आणि या एका नावापायी अशी चूक होताना मी अनेकदा पाहिली आहे.

मुळात ती फाइल गेली कुठे? एमएसव्हीसीआर१०० ही प्रिंटर कंपनीची फाइल नव्हेच. मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी प्लस प्लस या साधनाच्या २०१० च्या आवृत्तीत लिहिलेल्या प्रोग्रामांना ती लागते, आणि ती 'रीडिस्ट्रिब्युटेबल' नावाच्या संचातून येते. विंडोजमधील बसवलेल्या प्रोग्रामांची यादी उघडली की २००५, २००८, २०१०, २०१२, २०१३ अशा एकासारख्या दिसणाऱ्या नोंदींची रांग दिसते, आणि त्यांतही बहुतेकांच्या बत्तीस व चौसष्ट बिटांच्या दोन-दोन नोंदी असतात. पतसंस्थेत आदल्या आठवड्यात कोणीतरी संगणक हलका करायला बसले होते. एकाच नावाच्या इतक्या नोंदी कशाला, असे वाटून त्यांतल्या काही काढून टाकल्या गेल्या. २०१३ पर्यंतची प्रत्येक आवृत्ती स्वतंत्र आहे आणि एकीची जागा दुसरी घेत नाही. २०१५ पासून पुढच्या आवृत्त्या मात्र एकाच संचात एकत्र आल्या आहेत. हिशेबाचा प्रोग्राम बत्तीस बिटांचा होता, त्याला लागणारी प्रत शिल्लक होती, म्हणून तो व्यवस्थित चालत होता. स्पूलर मात्र चौसष्ट बिटांचा असल्याने ड्रायव्हरच्या डीएलएलही चौसष्ट बिटांच्या होत्या, आणि नेमकी त्यांना लागणारी प्रत काढली गेली होती. म्हणून प्रोग्राम चालू, प्रिंटर चालू आणि मधली वाट बंद, अशी अवस्था झाली होती. बत्तीस बिटांच्या प्रोग्रामाला चौसष्ट बिटांच्या ड्रायव्हरशी बोलता यावे म्हणून विंडोज 'एसपीएलडब्ल्यूओडब्ल्यू६४' नावाचा दुभाषा मध्ये उभा करते, पण पलीकडचा ड्रायव्हरच उघडत नसेल तर दुभाष्याला बोलायला कोणी उरत नाही.

इलाज दहा मिनिटांचा होता. नेटवरून आणून टाकलेली सुटी फाइल आधी काढली. मायक्रोसॉफ्टच्याच संकेतस्थळावरून २०१० चा चौसष्ट बिटांचा संच घेऊन बसवला. स्पूलर थांबवून पुन्हा सुरू केला आणि पहिले पासबुक आत सरकवले.

हरवलेल्या डीएलएलच्या सुट्या फायली फुकट देणारी पुष्कळ संकेतस्थळे आहेत, आणि त्रुटीचा संदेश शोधयंत्रात टाकला की तीच आधी समोर येतात. त्यांवरून फाइल घेऊ नये असे मी कळकळीने सांगतो, आणि त्याला व्हायरसच्या भीतीहूनही साधे कारण आहे. डीएलएल ही कोणाच्या तरी संचातील वस्तू असते. ती फाइल तुमच्या संगणकावर कुठल्या संचातून आली होती, एवढा एकच प्रश्न विचारला तर इलाज समोर येतो: विंडोजची असेल तर विंडोजच्या दुरुस्तीतून, रीडिस्ट्रिब्युटेबलची असेल तर त्या संचातून, ड्रायव्हरची असेल तर प्रिंटर कंपनीच्या संचातून. देवस्थानाच्या पातेल्यावर जसे नाव घातलेले असते तसे बहुतेक डीएलएलवरही असते. फाइलवर उजवी कळ दाबून गुणधर्म उघडा. तपशिलाच्या पानावर कंपनी आणि आवृत्ती दिसते, आणि डिजिटल स्वाक्षरीचे पान असेल तर ती कोणाची आहे तेही कळते. फाइलच हरवली असेल तर दुसऱ्या चालू संगणकावरील तीच फाइल उघडून नाव वाचता येते. मात्र ती तिथून उचलून आणण्याचा मोह टाळावा.

आता विंडोजच्या स्वतःच्या फायली बिघडल्या तर काय करायचे ते पाहू. प्रशासकाच्या अधिकाराने आज्ञापटल (कमांड प्रॉम्प्ट) उघडून 'एसएफसी' आणि पुढे जागा सोडून तिरपी रेघ (/) व 'स्कॅननाऊ' अशी आज्ञा दिली की विंडोज आपल्या संरक्षित फायली तपासते आणि बिघडलेल्यांच्या जागी आपल्या कोठारातील चांगली प्रत ठेवते. कोठारच बिघडले असेल तर आधी 'डीआयएसएम' या साधनाची 'रिस्टोअरहेल्थ' ही आज्ञा देऊन ते दुरुस्त करून घ्यावे लागते, म्हणून क्रम आधी डीआयएसएम आणि मग एसएफसी असा ठेवलेला बरा. या आज्ञा उपयोगी आहेत, पण त्यांची मर्यादाही तेवढीच स्पष्ट आहे: प्रिंटर कंपनीच्या फायलींना किंवा वेगळ्या बसवलेल्या रीडिस्ट्रिब्युटेबल संचाला एसएफसी हात लावत नाही. पतसंस्थेत माझ्या आधी कोणीतरी ही आज्ञा चालवली होती, 'काही दोष आढळला नाही' असे उत्तर आले होते, आणि त्यावरून प्रिंटरच खराब झाला असा निष्कर्ष काढून नवा घेण्याची चर्चा सुरू झाली होती.

आणखी एक सल्ला सर्रास दिला जातो, तो म्हणजे 'रेगएसव्हीआर३२' या आज्ञेने डीएलएलची नोंदणी करण्याचा. हा उपाय केवळ अशा फायलींना लागू पडतो, ज्यांच्यात नोंदणीचे काम करणारा भाग लिहिलेला असतो. स्पूलरच्या बहुतेक फायलींत तो नसतो, त्यामुळे नोंदणीचा प्रवेशबिंदू सापडला नाही असा संदेश येतो आणि माणूस आणखी घाबरतो. तो संदेश म्हणजे नवा बिघाड नव्हे.

फाइल हरवणे ही एक गोष्ट झाली; फाइल असूनही ती चालता चालता कोसळणे ही निराळी. त्याची खूण अशी असते की छपाईची आज्ञा दिली की प्रिंटरांची सगळी यादीच नाहीशी होते, किंवा स्पूलर सेवा चालू नाही असा संदेश येतो, आणि सेवा सुरू केली तर मिनिटाभरात पुन्हा बंद पडते. कारण असे की डीएलएल ज्या प्रोग्रामात जोडली जाते त्याच्याच स्मृतीत ती वावरते, आणि एकीने नको तिथे लिहिले तर सगळा प्रोग्राम खाली बसतो. एका प्रिंटरच्या ड्रायव्हरने केलेल्या चुकीमुळे दुसऱ्या, अगदी निर्दोष प्रिंटरची छपाईही त्यामुळेच थांबते. विंडोज ७ पासून ड्रायव्हरला वेगळ्या खोलीत, म्हणजे 'प्रिंटआयसोलेशनहोस्ट' नावाच्या स्वतंत्र प्रक्रियेत चालवण्याची सोय आली आहे, पण प्रत्येक ड्रायव्हर ती सोय घेतोच असे नाही.

अशा वेळी अंदाज बांधण्यापेक्षा नोंदवही उघडावी. विंडोजच्या इव्हेंट व्ह्यूअरमध्ये अॅप्लिकेशनच्या नोंदींत क्रमांक १००० ची तांबडी नोंद शोधली की तिच्यात कोसळलेल्या प्रोग्रामाचे नाव 'स्पूलएसव्ही' असे दिसते, आणि त्याखालच्या ओळींत ज्या मॉड्यूलमध्ये दोष घडला त्याचे नाव, आवृत्ती आणि फाइलचा पूर्ण मार्ग दिलेला असतो. हा मार्ग त्या '३' क्रमांकाच्या फोल्डरकडे जात असेल, तर अपराधी ड्रायव्हर हाती लागला असे समजायला हरकत नाही. तिथे 'एनटीडीएलएल' हे नाव दिसले तर मात्र घाई करू नये. ती विंडोजच्या पायाची फाइल आहे. स्मृतीतील नासधूस दुसऱ्याच कोणी केलेली असते आणि ती उघडकीस तेवढी तिच्या दारात येते.

स्पूलर वारंवार कोसळत असेल तर आधी रांग रिकामी करून पाहावी, कारण कधी ड्रायव्हर ठीक असतो आणि एखादे अर्धवट लिहिलेले कामच दर वेळी त्याला पाडत असते. स्पूलर सेवा थांबवावी, सिस्टम३२ मधील 'स्पूल'च्या आत 'प्रिंटर्स' नावाचे फोल्डर उघडावे आणि त्यातील फायली काढाव्यात. प्रत्येक कामाच्या दोन फायली असतात, 'एसपीएल' मध्ये छापायचा मजकूर आणि 'एसएचडी' मध्ये त्या कामाची माहिती. फोल्डर स्वतः काढू नये. मग सेवा सुरू करावी. एवढ्याने भागले नाही तर ड्रायव्हर मुळापासून काढावा लागतो, आणि इथे बहुतेक जण अर्ध्यावर थांबतात. यादीतून प्रिंटर काढला म्हणजे ड्रायव्हर गेला असे होत नाही; फायली जागेवरच राहतात आणि प्रिंटर पुन्हा जोडला की विंडोज त्याच बिघडलेल्या फायली पुन्हा उचलते. त्यासाठी प्रिंट सर्व्हरच्या गुणधर्मांत ड्रायव्हरचे पान उघडून तिथे 'ड्रायव्हर आणि ड्रायव्हरचा संच' दोन्ही काढण्याचा पर्याय निवडावा लागतो. ड्रायव्हर वापरात आहे म्हणून काढता येत नाही असे उत्तर आले, तर स्पूलर थांबवून पुन्हा सुरू करावा आणि दुसरे काही छापण्याआधी लगेच तो काढावा.

मराठी मजकुराच्या छपाईत एक निराळाच प्रकार आढळतो आणि तो याच साखळीत समजतो. पडद्यावर 'क्षत्रिय' अगदी बरोबर दिसते आणि कागदावर चौकटी किंवा तुटकी अक्षरे उमटतात. देवनागरीत अक्षरे जोडून जोडाक्षर बनवणे, ऱ्हस्व वेलांटी व्यंजनाच्या आधी नेऊन ठेवणे, रफार पुढच्या अक्षराच्या डोक्यावर चढवणे ही कामे विंडोजमध्ये अनेक वर्षे 'यूएसपी१०' ही डीएलएल करत आली आहे, आणि काही प्रोग्राम त्यासाठी स्वतःची वेगळी फाइल बाळगतात. तिच्याकडून आलेला आकृत्यांचा क्रम ड्रायव्हर प्रिंटरकडे पोचवतो. त्या वेळी ड्रायव्हरने फॉन्टमधील आकृत्या प्रिंटरच्या स्मृतीत नीट उतरवल्या नाहीत, किंवा त्यांच्याऐवजी प्रिंटरमधला स्वतःचा फॉन्ट वापरला, तर कागदावर भलतेच उमटते. अशा वेळी विंडोजच्या फायली दुरुस्त करत बसू नये. ड्रायव्हरच्या प्रगत पसंतीत ट्रूटाइप फॉन्ट कसे पाठवायचे याचा पर्याय असल्यास तो बदलून पाहावा, आणि पीडीएफ असेल तर चित्र म्हणून छापण्याचा पर्याय वापरावा. मग प्रिंटरला अक्षर कळण्याची गरजच उरत नाही, त्याला ठिपके तेवढे मिळतात.

डीएलएल आपल्यात जोडून घेण्याची स्पूलरची ही सवय सुरक्षेच्या दृष्टीने किती महाग पडू शकते, ते २०२१ मध्ये साऱ्या जगाने पाहिले. स्पूलर संगणकावरील सर्वोच्च अधिकाराने चालतो. त्या वर्षी जूनच्या अखेरीस असे उघड झाले की साधा अधिकार असलेला वापरकर्तासुद्धा ड्रायव्हर बसवण्याच्या निमित्ताने स्पूलरला स्वतःची डीएलएल जोडायला लावू शकतो, आणि ती डीएलएल मग संगणकाची मालकीण होऊन बसते. 'प्रिंटनाइटमेअर' या नावाने हा दोष ओळखला जातो. मायक्रोसॉफ्टने जुलै २०२१ च्या सुरुवातीला नेहमीच्या वेळापत्रकाबाहेर दुरुस्ती दिली, आणि ऑगस्टपासून वाटून घेतलेल्या प्रिंटरचा ड्रायव्हर बसवण्यासाठी प्रशासकाचा परवलीचा शब्द लागू लागला. काल आपोआप जोडला जाणारा शेजारच्या टेबलावरचा प्रिंटर आज परवानगी का मागतो, याचे कारण हे आहे. ही अडचण टाळण्यासाठी रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या अंतर्गत मांडणीच्या नोंदींत, बदल करून तो पहारा उठवण्याचा उपाय सांगितला जातो. जिथे लोकांच्या पैशांच्या किंवा मुलांच्या नोंदी ठेवलेल्या असतात, तिथे तो कदापि करू नये. एकदा प्रत्येक संगणकावर प्रशासकाने ड्रायव्हर बसवून देणे हे कष्टाचे असले तरी एकदाच करायचे काम आहे.

लिनक्स वापरणाऱ्यांनाही हा विषय परका नाही. तिथे सामाईक फाइलच्या नावात 'एसओ' असते, छपाईचे काम 'कप्स' ही व्यवस्था पाहते आणि तिची मुख्य फाइल 'लिबकप्स' आहे. 'एलडीडी' या आज्ञेपुढे ड्रायव्हरच्या प्रोग्रामाचे नाव दिले की त्याला लागणाऱ्या सर्व फायलींची यादी येते आणि जी सापडत नाही तिच्यापुढे तसे स्पष्ट लिहिलेले असते. जुना ड्रायव्हर बत्तीस बिटांचा आणि प्रणाली चौसष्टची, हा दोष तिथेही तसाच भेटतो, आणि त्यावर उपायही तोच: पॅकेज व्यवस्थेतून बत्तीस बिटांचा संच बसवावा, सुटी फाइल कुठून उचलून आणू नये.

मायक्रोसॉफ्टने सप्टेंबर २०२३ मध्ये जाहीर केले की प्रिंटर कंपन्यांच्या वेगळ्या ड्रायव्हरांना दिला जाणारा आधार टप्प्याटप्प्याने कमी केला जाईल. विंडोज ११ च्या २४एच२ या आवृत्तीत 'प्रोटेक्टेड प्रिंट' नावाचा पर्याय आला आहे. तो चालू केला की स्पूलर बाहेरच्या कंपनीच्या डीएलएल जोडूनच घेत नाही आणि आयपीपी या ठरलेल्या भाषेत प्रिंटरशी थेट बोलतो. नव्या प्रिंटरांसाठी ही वाट मला योग्य वाटते, कारण साखळीतील सर्वांत कच्ची कडीच तिने काढून टाकली आहे. मात्र ही भाषा न समजणारे लाखो प्रिंटर अजून कामात आहेत. एचपीच्या लेझरजेट १०२० सारख्या प्रिंटरांत तर स्वतःची आज्ञावलीसुद्धा साठवलेली नसते. वीज आल्यावर दर वेळी ती संगणकावरच्या ड्रायव्हरकडून त्यांना मिळावी लागते, तेव्हा कुठे ते छापू लागतात.

पतसंस्थेचा पासबुकाचा प्रिंटरही जुनाच आहे आणि अजून पुष्कळ वर्षे चालेल इतका मजबूत आहे. त्या दिवशी रांग संपल्यावर आम्ही त्याच्या ड्रायव्हरचा मूळ संच आणि २०१० च्या रीडिस्ट्रिब्युटेबलच्या दोन्ही प्रती एका पेनड्राइव्हवर घेतल्या. ताईंनी तो पेनड्राइव्ह लिफाफ्यात घालून वर ड्रायव्हरची आवृत्ती, विंडोजची आवृत्ती आणि तारीख लिहिली. चेकबुकांच्या कपाटात, दुसऱ्या खणात, तो लिफाफा ठेवलेला आहे.